रोटोतली माणसं रोटोतच राहतात का?

ताई,

मी २६ वर्षांचा आहे. तीन वर्षं झाली, एका मोठ्या स्टुडिओत रोटो (फ्रेमगणिक माणसाची कड आखून त्याला मागच्या चित्रापासून वेगळं करणं) आणि पेंट (चित्रातलं नको ते पुसणं) करतो. सगळं सिनेमांचं काम. पहिलं वर्ष मजेत गेलं. आता दिवसभर कुणाच्या तरी खांद्याच्या कडेने बिंदू ओढत बसतो आणि रात्री डोळे मिटले तरी तेच बिंदू दिसतात. डिलिव्हरीच्या आठवड्यांत पहाटे तीनला घरी येतो. कॉम्पमध्ये, म्हणजे सगळे थर जोडून शेवटचं चित्र करणाऱ्या कॉम्पोझिटिंग विभागात, जायचंय असं लीडना (टीमच्या प्रमुखांना) सांगितलं, तर ते हसून म्हणाले, “रोटोतली माणसं रोटोतच राहतात.”

आता जाहिरातींचं काम करणाऱ्या एका बारा जणांच्या स्टुडिओने ज्युनिअर कॉम्पोझिटर म्हणून बोलावलंय. ओव्हरटाइम धरून इथे जे हातात येतं त्यापेक्षा पगार थोडा कमी आहे. दहा दिवसांत कळवायचंय, आणि माझा सध्याचा सिनेमा पाच आठवड्यांनी डिलिव्हर होणार. काही मित्र म्हणतात, जाहिरातीत गेलास की सिनेमाचं दार बंद. दुसरे म्हणतात, एआयने रोटो संपवलंय, मिळेल तिथे पळ. रीलमध्ये, म्हणजे कामाचे नमुने दाखवणाऱ्या व्हिडिओत, टाकण्यासारखं माझ्याकडे काही नाही. सिनेमा लागला की आई विचारते, “यात तू काय केलंस?” आणि मला बोट ठेवून दाखवता येत नाही. काय करू?

– कडेकडेचा

प्रिय कडेकडेच्या,

आधी तुझ्या लीडचं वाक्य निकालात काढते, कारण बाकी पत्रापेक्षा तेच तुला जास्त टोचलेलं दिसतंय. मी स्वतः चौदा महिने रोटो केलंय. तेव्हा माझ्या रांगेत बसणाऱ्या तिघांपैकी दोघं आज कॉम्प सुपरवायझर आहेत. तिसरा रोटोतच राहिला, आता त्याच विभागाचा प्रमुख आहे आणि आम्हा सगळ्यांत तोच वेळेवर घरी जातो. तेव्हा ते वाक्य काही निसर्गनियम नाही. लीडच्या खुर्चीत बसून बघ म्हणजे ते कुठून येतं ते कळेल. शेवटच्या महिन्यात मोकळ्या केसांचे वीस शॉट येणार असतात, ते कुणाच्या टेबलावर टाकायचे या विचाराने माणसाची झोप उडते, आणि त्या विचाराचं उत्तर तू असतोस. तुला सोडणं त्यांना परवडत नाही. ते तसं सरळ म्हणाले असते तर बरं झालं असतं, पण आपल्या धंद्यात कौतुक करायची रीत जरा वाकडी आहे.

आणि रोटोला हलकं समजू नकोस. मॅक्स फ्लायशरने रोटोस्कोपच्या पेटंटसाठी १९१५ मध्ये अर्ज केला, ते १९१७ मध्ये मिळालं. काचेवर एकेक फ्रेम टाकायची आणि त्यावरून माणसाची हालचाल गिरवायची. तू आज जे करतोस त्याचा हा थेट पूर्वज. शंभर वर्षांत काच गेली, पेन्सिल गेली, पण माणूस कुठे संपतो आणि मागची भिंत कुठे सुरू होते हे ठरवणारा डोळा लागतोच.

तो डोळा तुझ्याकडे आहे की नाही हे मला दोन मिनिटांत कळेल. हलणारा हात घे. सेकंदाला २४ फ्रेम आणि नेहमीचं १८० अंशांचं शटर असेल, तर प्रत्येक फ्रेम १/४८ सेकंद उघडी राहते. तेवढ्यात हात काही अंतर चालून जातो आणि त्याची कड धुरासारखी पसरते. आता बिंदू कुठे ठेवायचा? नवा माणूस धुराच्या बाहेरच्या टोकाला ठेवतो, म्हणून कॉम्पमध्ये हाताभोवती जुन्या भिंतीची एक गलिच्छ पट्टी येते. दुसरा नवा माणूस आतल्या टोकाला ठेवतो आणि हात कापल्यासारखा दिसतो. तू तीन वर्षांत शिकला असशील की आकार खऱ्या हाताचाच काढायचा, पसरलेल्या धुराच्या मधोमध, आणि ब्लर आकाराच्या हालचालीतून येऊ द्यायचा. हे ज्याच्या बोटांत बसलंय त्याच्याकडे अर्धं कॉम्पोझिटिंग आधीच आहे. कारण कॉम्पमध्ये भांडण नेहमी कडेवरच होतं. मधला भाग कुणीही जोडतो.

उरलेलं अर्धं मात्र नुसत्या वर्षांनी येत नाही, आणि इथे मी तुला जरा बोलणार आहे. तू दिलेला मॅट, म्हणजे आखलेल्या आकाराचं काळं-पांढरं चित्र, पुढे कुठे जातो, त्याचं काय होतं, हे तू तीन वर्षांत कधी बघितलंस? पत्रात त्याबद्दल एक अक्षर नाही. शॉट अप्रूव्ह झाला की स्टुडिओच्या सर्व्हरवर कॉम्पची फाइल पडलेली असते. बघायची परवानगी असेल तर जेवणाच्या सुट्टीत ती उघडून बसायचं. तुझा मॅट आत आलेला दिसतो, मग कुणीतरी तो एक पिक्सेल आत घेतलेला दिसतो, केसांसाठी वेगळी ‘की’ (रंग किंवा उजेडाच्या फरकावरून काढलेला मॅट) ओढलेली दिसते, आणि खाली एका कोपऱ्यात चिडून लिहिलेली नोंद दिसते की ‘डाव्या कानाचा रोटो फ्रेम १०३७ ते १०४४ थरथरतोय’. स्वतःबद्दलचं असं वाचायला मिळणं हे मोठं भाग्य आहे. किकबॅक, म्हणजे दुरुस्तीसाठी परत पाठवलेले शॉट, येतात तेव्हा आपण फक्त दुरुस्त करून परत पाठवतो. ते का आले, हे बघायला पलीकडच्या खोलीत जावं लागतं.

माझा पहिला कॉम्प शॉट सांगते. रात्रीचा देखावा, पुढे हिरव्या पडद्यासमोर शूट केलेला माणूस. की सुंदर आली होती, कड स्वच्छ, रंग जुळवलेले. मी खूश. सीनिअर आले, काही बोलले नाहीत, फक्त व्ह्यूअरचा गॅमा वर केला. चित्र उजळलं आणि माझ्या माणसाच्या कोटातला काळा रंग निळसर राखाडी होऊन तरंगायला लागला, मागची रात्र मात्र तपकिरी काळी. दोन वेगळे अंधार! नेहमीच्या उजेडात ते दिसत नव्हतं, पण मोठ्या पडद्यावर बसलेल्या माणसाला काहीतरी खोटं आहे एवढं नक्की जाणवलं असतं. मग त्यांनी फक्त निळा चॅनल उघडला. कॅमेऱ्याचा सगळ्यात जास्त दाणा, म्हणजे चित्रातली बारीक खरखर, निळ्यात असतो. मागच्या प्लेटमध्ये (शूट केलेल्या मूळ चित्रात) तो वाळूसारखा खदखदत होता, आणि माझा माणूस डीनॉइज करून, म्हणजे दाणा पुसून, बसवलेला, प्लॅस्टिकच्या बाहुलीसारखा गुळगुळीत. ते म्हणाले, “बघ,” आणि गेले. त्यांनी मला जे शिकवलं ते या एका शब्दात मावतं. तेव्हापासून शॉट पाठवायच्या आधी गॅमा वरखाली करणं, तिन्ही चॅनल एकेक बघणं आणि चित्र आडवं उलटवून एकदा नव्या नजरेने पाहणं, हे माझे हात आपोआप करतात.

आता तुझ्या मुख्य प्रश्नाकडे येते. सिनेमा की जाहिरात, हा मला फारसा मोठा प्रश्न वाटत नाही. प्रश्न असा की तिथे तुला ‘बघ’ म्हणणारं कुणी आहे का.

म्हणून होकार कळवण्याआधी त्या स्टुडिओत अर्धा दिवस बसायला माग. देतात, बहुतेक ठिकाणी. आणि एकच गोष्ट विचार: “माझा शॉट क्लायंटला जाण्याआधी कोण बघणार?” कुणा एका माणसाचं नाव सांगितलं आणि तो माणूस खोलीत दिसत असेल, तर जा. “क्लायंटच बघतो ना थेट” असं उत्तर आलं, तर जाऊ नकोस, पगार दुप्पट असला तरी. क्लायंट तुला आवडनिवड सांगेल, चूक सांगणार नाही. एकदा एका काचेच्या पेल्याच्या शॉटवर मी नऊ दिवस घालवल्यावर मला नोट आली होती की पाणी जरा कमी ओलं वाटतंय. यातून काय शिकायचं? मी पाण्यातली चमक एक स्टॉप वाढवली आणि ते अप्रूव्ह झालं. धंदा झाला, शिक्षण झालं नाही.

जाहिरातीबद्दल एवढं ऐकून घाबरू नकोस, कारण तुझ्यासारख्याला तिथे एक फार मोठा फायदा आहे. सिनेमाच्या मोठ्या साखळीत शॉट मॅचमूव्हमधून जातो, रोटो आणि प्रेपमधून जातो, लेआउट, अ‍ॅनिमेशन, इफेक्ट्स, लायटिंग असं करत शेवटी कॉम्पला पोचतो. प्रत्येकजण हत्तीचा एक पाय धरून उभा. तू तीन वर्षं शेपूट धरलीयेस. बारा जणांच्या जाहिरात स्टुडिओत मात्र सोमवारी प्लेट येते आणि पुढच्या शुक्रवारी जाते. त्या दिवसांत ट्रॅकही तूच करतोस, वायरही तूच काढतोस, कीही तूच ओढतोस आणि दिग्दर्शक मागे उभा असताना रंगही तूच हलवतोस. तीस सेकंदांची जाहिरात २५ फ्रेमने धरली तर अवघ्या ७५० फ्रेम. एवढ्याशा जागेत अख्खा हत्ती बघायला मिळतो. बाटलीच्या गोल काचेवर कॅमेरा, दिवे आणि टोपी घातलेला एक सहायक, सगळे प्रतिबिंबात दिसत असतात, आणि ती बाटली तुला अशी करायची असते की तिच्यात फक्त उजेड दिसेल. लेबल ताणायचं, थेंब हवे तिथे ठेवायचे. हे करताना परावर्तन म्हणजे काय ते जितकं कळतं तितकं कुठल्या वर्गात कळत नाही.

सिनेमाचं दार बंद होतं वगैरे खोटं आहे. मी स्वतः दोनदा इकडून तिकडे आणि तिकडून इकडे गेलेय. बिघडतात त्या सवयी. जाहिरातीत ‘या आकारात चालतंय’ ही वृत्ती लवकर लागते. फाइल अशी करून ठेवतात की दुसऱ्या कुणाला उघडून काही समजणार नाही, कारण दुसरं कुणी उघडणारच नसतं. सिनेमात परत आलास की पहिल्याच दिवशी तुझी स्क्रिप्ट, म्हणजे कॉम्पची फाइल, तिसऱ्याच माणसाकडे जाते आणि तो तुझ्या नावाने बोटं मोडतो. तेव्हा बारा जणांतही अशी फाइल ठेव की उद्या तू आजारी पडलास तर दुसऱ्याला शॉट संपवता येईल. आणि जाहिरातीतलं वलय बघून जात असशील, तर दुरून डोंगर साजरे. आपल्या धंद्यात तर ते डोंगरही बऱ्याचदा आपणच रंगवलेले असतात.

पाच आठवड्यांचं काय? दोन्हीकडे खरं सांग. नव्या स्टुडिओला सांग की हातातली डिलिव्हरी पुरी करून येतो. जे लोक ज्युनिअरसाठी पाच आठवडे थांबू शकत नाहीत आणि आजच्या आज ये म्हणतात, ते तुझ्या रात्रीही अशाच आजच्या आज मागतील. त्यांचं उत्तर ही तुझ्यासाठी मुलाखत समज. आणि डिलिव्हरीच्या मध्यात सोडून गेलेल्या माणसाची आठवण या क्षेत्रात फार लांबपर्यंत राहते. ज्याला अर्ध्यावर टाकून गेलास तोच चार वर्षांनी सुपरवायझर म्हणून समोर बसलेला असतो. मी पाहिलंय, दोन्ही बाजूंनी.

पगाराची तुलना महिन्यावर करू नकोस, तासावर कर. गेल्या सहा महिन्यांत जेवढे पैसे मिळाले त्यांना खरोखर बसलेल्या तासांनी भाग. पहाटे तीनचे तासही धर. मग नव्या ठिकाणचे लोक संध्याकाळी किती वाजता उठतात ते त्या अर्ध्या दिवसात स्वतःच्या डोळ्यांनी बघ आणि तोच भागाकार कर. बरेचदा कमी पगार जास्त निघतो. निघाला नाही तरी तुला आकडा कळलेला असेल.

पहाटे तीनचं मूळही समजून घे, कारण ते तुझ्या आळसात नाही आणि तुझ्या लीडच्या दुष्टपणातही नाही. स्टुडिओ काम घेतो ते बहुतेक ठरावीक रकमेच्या बिडवर. इतके शॉट, इतके पैसे. मग दिग्दर्शकाचं मन बदलतं, संकलनात शॉट लांबतो, राक्षसाला तिसरं शिंग फुटतं, पण रक्कम तीच राहते. तो वाढलेला खर्च घरंगळत खाली येतो आणि सगळ्यात खालच्या खुर्चीत, म्हणजे तुझ्या रात्रीत, येऊन थांबतो. ऱ्हिदम अँड ह्यूज या नावाजलेल्या स्टुडिओने फेब्रुवारी २०१३ मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला, आणि त्याच महिन्यात त्यांनी घडवलेल्या वाघाच्या ‘लाइफ ऑफ पाय’ या सिनेमाला व्हिज्युअल इफेक्ट्सचं ऑस्कर मिळालं. २०२३ मध्ये अमेरिकेतले लेखक आणि नट संपावर गेले आणि शूटच थांबल्यावर प्लेट येणार कुठून? फेब्रुवारी २०२५ मध्ये टेक्निकलर समूह कोसळला. त्यात सिनेमाचं काम करणारी एमपीसी होती आणि जाहिरातींसाठी जगभर नाव असलेली द मिलही होती. म्हणून मोठा स्टुडिओ सोडतोय, सुरक्षितता सोडतोय, अशी हुरहुर लावून घेऊ नकोस. ती तिथेही नव्हती. काही महिन्यांचा खर्च बाजूला असणं ही या धंद्यातली खरी कायम नोकरी.

मला हे उशिरा कळलं. एका स्टुडिओने बंद होताना माझे दोन महिन्यांचे पैसे बुडवले, आणि माझ्याकडे कागद म्हणून काय होतं, तर सुपरवायझरचे ‘थँक यू टीम’ असे मेसेज. तेव्हा करारात कामाचे तास, जादा तासांचा हिशेब आणि नोटिसीची मुदत लिहिलेली असू दे, आणि टाइमशीटची स्वतःपुरती नोंद दर आठवड्याला ठेव. तोंडी ‘आपण बघून घेऊ’ यावर जाऊ नकोस.

एआयबद्दल तुझे मित्र अर्धं बरोबर सांगतायत. आफ्टर इफेक्ट्स या सॉफ्टवेअरमध्ये कड आपोआप ओळखणारा रोटो ब्रश २०१० मध्ये आला तेव्हाही आम्हाला सांगण्यात आलं होतं की आता सहा महिने. न्यूक या कॉम्पच्या सॉफ्टवेअरमध्ये २०२१ पासून कॉपीकॅट आहे. थोड्या फ्रेम हाताने करून दिल्या की बाकीच्या ते शिकून काढतं. या वेळी मात्र फरक मोठा आहे, हे मी तुला गोड बोलून लपवणार नाही. साध्या पार्श्वभूमीवर चालणारा माणूस, ढोबळ मॅट, तात्पुरता गार्बेज मॅट, हे काम माणसाकडून जातंय, आणि फक्त तेवढंच येणाऱ्याने घाबरलेलं बरं. पण मशीनने काढलेला मॅट मोठ्या पडद्यावर चालवून बघ. एकेक फ्रेम ठीक असते, चालवलं की कड श्वास घेते. बोटांच्या फटी एका फ्रेममध्ये असतात, पुढच्यात नसतात. हात गालावरून गेला की दोन्ही एकजीव होतात. हे पकडणारा आणि नेमकं तेवढंच दुरुस्त करणारा माणूस कोण असेल असं तुला वाटतं? ज्याने कधी कड काढलीच नाही तो? म्हणून ती साधनं आजच शीक, लाजू नकोस. स्वतःचाच एखादा शॉट आधी हाताने कर, मग त्यांच्याकडून करून घे, आणि दोन्ही मॅटमधला फरक काळ्या-पांढऱ्यात काढून बघ. जिथे पांढरं उजळेल तिथे तुझी नोकरी आहे.

रीलचं मात्र तू उगाच अवघड करून ठेवलंयस. स्टुडिओचं साहित्य परवानगीशिवाय उचलायचं नाही, हे तुला माहीत आहेच. एक फ्रेमसुद्धा नाही, खासगी लिंकवरही नाही. सिनेमा प्रदर्शित झाल्यावर लेखी विचार, काही ठिकाणी पूर्ण झालेला शॉट दाखवायची मुभा देतात. पण ज्युनिअर कॉम्पोझिटर निवडताना मला मोठ्या सिनेमाचा शॉट बघायचाच नसतो, कारण त्यातलं तुझं किती हे मला समजत नाही. मला तीन शॉट पुरतात, तुझे स्वतःचे, प्रत्येकी चार सेकंदांचे. आधी पूर्ण शॉट, मग मूळ प्लेट, मग थर एकेक करून. चौथा शॉट कच्चा असेल तर टाकूच नकोस, रील त्या कच्च्या शॉटएवढीच ठरते. संगीत कुठलंही लाव, मी आवाज बंद करून बघते.

साधनांना पैसे लागत नाहीत. न्यूकची नॉन-कमर्शियल आवृत्ती फुकट आहे, १९२० बाय १०८० पर्यंत रेंडर देते, आणि रीलला तेवढं पुष्कळ. थ्रीडीचं ब्लेंडर हे सॉफ्टवेअर २००२ पासून मुक्त आहे. आणि सॉफ्टवेअरच्या आधी एक गणित कागदावर सोडव. थॉमस पोर्टर आणि टॉम डफ यांनी १९८४ मध्ये चित्रावर चित्र ठेवण्याचं जे सूत्र मांडलं, तेच आजही न्यूकमध्ये दोन चित्रं जोडणाऱ्या तुझ्या मर्ज नोडमध्ये ‘ओव्हर’ या नावाने बसलंय: पुढचं चित्र, अधिक मागचं चित्र गुणिले (एक वजा अल्फा). अल्फा म्हणजे पुढचं चित्र त्या पिक्सेलवर किती भरीव आहे, ० ते १. एका कडेच्या पिक्सेलचे आकडे घे, अल्फा ०.५ धर आणि हाताने करून बघ. पुढच्या चित्राला अल्फाने आधीच गुणलेलं असताना तू त्याचे काळे रंग वर उचललेस तर कडेला उजळ रेघ का येते, आणि गुणायचं विसरलास तर कड पेटल्यासारखी का दिसते, हे त्या कागदावर दिसेल. मी मुलाखतीत हाच प्रश्न विचारते. पाच वर्षं काम केलेले लोकही अडखळतात, कारण त्यांना बटण माहीत असतं.

आता आईचा प्रश्न. तो मी मुद्दाम शेवटी ठेवला, कारण पहिला शॉट तिथूनच सुरू करायचाय.

आई विचारते ते अगदी रास्त आहे. आपलं काम नीट झालं की दिसत नाही, आणि दिसलं तर ते चुकलेलं असतं. सिनेमाच्या शेवटी नावं सरकतात, त्यात रोटोच्या माणसाला जागा मिळेलच असं नाही. जाहिरातीत तर नावांची पाटीच नसते, तिथे गेलास तर आईला दाखवायला अजूनच काही उरणार नाही. तेव्हा कुणाच्या सिनेमात बोट ठेवण्यापेक्षा तिलाच शॉटमध्ये घे.

रविवारी तिला उजेडाच्या खिडकीशी उभी कर, केस मोकळे, उजेड मागून. कॅमेरा तिवईवर. मित्राकडून बरा कॅमेरा उसना मिळाला तर उत्तम, कारण फोनचा व्हिडिओ रंगाची माहिती चुरगाळून ठेवतो आणि की ओढताना कडेला पायऱ्या दिसतात. फोनच असेल तर निदान फोकस आणि एक्स्पोजर लॉक कर. खिडकीबाहेरचं सगळं काढून टाकायचं आणि तिथे दुसरं जग बसवायचं, तिला जे बघायचं असेल ते: समुद्र, बर्फ, काहीही. तिलाच निवडू दे. अंगाचा आणि खांद्यांचा रोटो तू झोपेतही करशील. केसांसाठी मात्र रोटो करू नकोस, खिडकी उजळ आहे, ल्युमिनन्स की (उजेडाच्या फरकावरची की) ओढ आणि दोन्ही मॅट एकमेकांत मुरव. बाहेरचा नवा उजेड तिच्या गालाच्या कडेवर थोडा सांडला पाहिजे. मागच्या समुद्रावर तिच्या प्लेटचाच दाणा घाल. गॅमा वर करून काळे बघ, निळा चॅनल बघ.

फ्रेमचे आकडे १००१ पासून ठेव, आपल्याकडे ठेवतात तसे, सुरुवातीला आणि शेवटी आठ-आठ जादा. झाला की आधी तिला दाखव, मग मला पाठव. आणि तिला सांग, मधे एकदा मान वळवून तुझ्याकडे बघ म्हणावं. गप्प उभ्या माणसाचे केस कुणीही कापतो.

तुझी,
ताई